पंजाबातून सॅन दिएगो : एका बास्केटबॉलपटू कन्येची वाटचाल

व्यापारी घरातले मूल आठ-दहा वर्षांचे झाले की त्याला हिशेब कळू लागतो. सुटीत दुकानात बसून ते माल आणि दाम यांचे नाते पाहते, दिवाळीच्या वहीपूजनाला आजोबांच्या शेजारी बसते, आणि गुंतवलेले भांडवल किती दिवसांनी परत येणार हा प्रश्न त्याच्या अंगवळणी पडतो. अशा घरातील एखादी मुलगी शाळेच्या बास्केटबॉल संघात निवडली जाते, तेव्हा प्रारंभी सर्वांनाच कौतुक वाटते. जिल्हा स्पर्धेचे पदक दिवाणखान्यातील काचेच्या कपाटात जाते आणि आल्यागेल्या पाहुण्यांना ते आवर्जून दाखवले जाते. मग दहावीचे वर्ष उजाडते आणि घरातला सूर हळूहळू बदलतो. पहाटेचा सराव बंद होऊन त्या वेळेला शिकवणी लागते. ‘आता खेळ पुरे, अभ्यासाकडे बघ’ हे वाक्य कोणी रागाने म्हणत नाही. ते मायेनेच म्हटले जाते, आणि खेळ तेथे संपतो.

नेमक्या त्याच वयात, सोळाव्या वर्षी, पंजाबातील हरसिमरन कौर या मुलीचा खेळ खऱ्या अर्थाने सुरू झाला. ती जैन घरातील नाही, व्यापारी परंपरेतील म्हणूनही तिची ओळख नाही. तरीही तिच्या वाटचालीत प्रत्येक भारतीय पालकाने थांबून पाहावे असे बरेच काही आहे. तिच्यापुढे ‘शिक्षण की खेळ’ हा प्रश्न ज्या रूपात आला, ते रूप आपल्याकडे अजून फारसे परिचित नाही.

सोळाव्या वर्षीचे निमंत्रण

अमेरिकेतील व्यावसायिक बास्केटबॉल संघटना, म्हणजे एनबीए, हिने 2017 साली दिल्लीजवळील ग्रेटर नोएडा येथे मुलांसाठी निवासी प्रशिक्षण केंद्र सुरू केले. मुलींसाठी असे कायमचे केंद्र नव्हते, परंतु देशभरातील निवडक खेळाडूंना काही दिवस एकत्र आणणारी शिबिरे भरू लागली. अमेरिकेत महाविद्यालयीन आणि व्यावसायिक स्तरावर खेळलेल्या स्त्रिया त्यांत प्रशिक्षक म्हणून येत. उत्तम खेळून निवृत्त झालेली आणि आता खेळातूनच सन्मानाने उपजीविका करणारी स्त्री आपल्या मुलींनी क्वचितच जवळून पाहिलेली असते. अशी स्त्री समोर उभी राहून शिकवते, हाच त्या शिबिरांचा एक मोठा धडा होता.

या शिबिरांतून हरसिमरन पुढे आली. सहा फूट तीन इंच उंचीची ही मुलगी नोव्हेंबर 2019 मध्ये ऑस्ट्रेलियाची राजधानी कॅनबेरा येथील एनबीएच्या जागतिक प्रशिक्षण केंद्रात निमंत्रित झाली. त्या केंद्रात प्रशिक्षणाची संधी मिळालेली ती पहिली भारतीय मुलगी ठरली. हे केंद्र ऑस्ट्रेलियन इन्स्टिट्यूट ऑफ स्पोर्ट या संस्थेच्या आवारात होते. ऑस्ट्रेलियाने आपले अनेक ऑलिंपिक खेळाडू जेथे घडवले, तेच हे आवार. पुढे तिने अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यातल्या सॅन दिएगो विद्यापीठात प्रवेश घेतला आणि तेथील महिला संघातून ती देशातील सर्वोच्च महाविद्यालयीन श्रेणीत, म्हणजे ‘एनसीएए डिव्हिजन वन’मध्ये खेळू लागली.

ही वाटचाल चार ओळींत सांगून होते. परंतु सोळा वर्षांच्या मुलीला परक्या खंडात पाठवण्याचा निर्णय कोणत्याही घरात चार ओळींत होत नसतो. तिची भाषा, तिचे जेवण, आजारपणात तिच्याजवळ कोण असेल, नातेवाईक काय म्हणतील, परत आल्यावर पुढे काय, असे सर्व प्रश्न त्या एका निर्णयात गुंतलेले असतात. उंची निसर्गाने दिली आणि कौशल्य सरावाने आले, हे खरे. पण विमानतळापर्यंत सोडायला येणारे कोणी तरी असावे लागते.

तिच्या आधी चाललेल्या

ही वाट हरसिमरनने एकटीने पाडलेली नाही. वाराणसीच्या सिंह भगिनींची कहाणी क्रीडाप्रेमींना ठाऊक आहे. बँकेत नोकरी करणाऱ्या पित्याच्या या पाच कन्या. थोरली प्रियांका प्रथम मैदानावर गेली, तिच्या पाठोपाठ धाकट्या बहिणी गेल्या, आणि दिव्या, प्रशांती, आकांक्षा व प्रतिमा या चौघी भारतीय संघापर्यंत पोहोचल्या. दिव्याने भारताचे कर्णधारपद भूषवले आणि नंतर अमेरिकेतील डेलावेअर विद्यापीठात क्रीडा व्यवस्थापनाचे उच्च शिक्षण घेतले. प्रशांतीला 2017 मध्ये अर्जुन पुरस्कार आणि 2019 मध्ये पद्मश्री मिळाली. पद्मश्रीने सन्मानित झालेली ती पहिली भारतीय महिला बास्केटबॉलपटू होय. पाच मुली असलेल्या घराकडे समाज कोणत्या नजरेने पाहतो हे सांगण्याची आवश्यकता नाही. त्या घराने मुलींना मैदानापासून रोखले नाही, एवढेच त्यांच्या यशाचे पहिले पान आहे.

2010 साली आठ भारतीय मुलामुलींना शिष्यवृत्तीवर अमेरिकेतील फ्लोरिडा राज्यातील आयएमजी अकादमीत पाठवण्यात आले. त्यांपैकी पंजाबच्या सतनाम सिंग भामरा याला 2015 मध्ये डॅलस मॅव्हरिक्स या एनबीए संघाने निवडले, आणि त्याचे नाव देशभर झाले. त्याच तुकडीतील मुलींचे नाव मात्र फारसे कोणाच्या कानी पडले नाही. वाराणसीची बरखा सोनकर अमेरिकेतच राहून महाविद्यालयीन बास्केटबॉल खेळली. कविता अकुला हिने ॲरिझोनातील ग्रँड कॅनियन विद्यापीठाच्या संघात स्थान मिळवले. डिव्हिजन वनची शिष्यवृत्ती मिळवणारी पहिली भारतीय स्त्री म्हणून तिचे नाव घेतले जाते. त्यानंतर बंगळुरूची संजना रमेश त्याच राज्यातील फ्लॅगस्टाफ या गावी नॉर्दर्न ॲरिझोना विद्यापीठात गेली. समुद्रसपाटीपासून सुमारे 7,000 फूट उंचीवरील हे गाव. तेथील विरळ हवेत दोन मिनिटे धावले तरी नवख्या माणसाचा श्वास फुलतो.

महाराष्ट्रातही ही परंपरा आहे. पुण्याची शिरीन लिमये भारतीय संघाची कर्णधार झाली, तर नागपूरची सिया देवधर देशाकडून खेळली. यांतील कोणाची वाट परदेशातून गेली, कोणाची देशातूनच. पण या सर्वजणी एका गोष्टीत सारख्या आहेत. दहावी-बारावीच्या वळणावर त्यांचा चेंडू माळ्यावर गेला नाही.

शिक्षण आणि खेळ यांचा एकत्र संसार

अमेरिकेत महाविद्यालयीन खेळाला एवढे महत्त्व का, हे समजल्याशिवाय हरसिमरनच्या निर्णयाचा अर्थ लागत नाही. बास्केटबॉल हा खेळ 1891 च्या डिसेंबरात जेम्स नेस्मिथ या शिक्षकाने मॅसॅच्युसेट्समधील स्प्रिंगफील्ड येथे शोधून काढला. पुढच्याच वर्षी सेंडा बेरेन्सन या शिक्षिकेने जवळच्या स्मिथ महाविद्यालयात तो मुलींना शिकवला. 1896 मध्ये स्टॅनफर्ड आणि कॅलिफोर्निया या दोन विद्यापीठांच्या मुलींचा सामना झाला, तेव्हा पुरुष प्रेक्षकांना आत प्रवेश नव्हता. त्या सामन्यात स्टॅनफर्डने 2 विरुद्ध 1 असा विजय मिळवला. मुलींनी खेळावे, पण ते कोणी पाहू नये, असा तो काळ होता. मर्यादेची ही कल्पना केवळ आपल्याच समाजाची आहे, असा समज असणाऱ्यांनी हा प्रसंग ध्यानात ठेवावा.

खरे परिवर्तन 1972 साली घडले. सरकारी अर्थसाहाय्य घेणाऱ्या कोणत्याही शिक्षणसंस्थेत लिंगभेदावरून कोणाला वंचित ठेवता येणार नाही, असा कायदा अमेरिकेत झाला. ‘टायटल नाइन’ या नावाने तो ओळखला जातो. त्याच्या मूळ कलमात खेळाचा उल्लेखही नव्हता. पण मुलांच्या संघाला शिष्यवृत्त्या, प्रशिक्षक आणि प्रवासखर्च मिळत असेल, तर मुलींनाही न्याय्य वाटा द्यावा लागेल, असा त्याचा अर्थ निघाला. 1982 मध्ये एनसीएएची पहिली महिला बास्केटबॉल स्पर्धा झाली. 2024 मध्ये साउथ कॅरोलिना आणि आयोवा यांच्यातील महिलांचा अंतिम सामना सुमारे 1 कोटी 89 लाख लोकांनी दूरचित्रवाणीवर पाहिला, आणि महिलांच्या अंतिम सामन्याने प्रथमच पुरुषांच्या अंतिम सामन्याला प्रेक्षकसंख्येत मागे टाकले. ज्या खेळाच्या दारावर पुरुषांना मज्जाव होता, तो आता कोट्यवधी घरांत पाहिला जात होता.

आज डिव्हिजन वनमध्ये साडेतीनशेहून अधिक विद्यापीठांचे महिला संघ आहेत. दीर्घकाळ प्रत्येक संघाला 15 पूर्ण शिष्यवृत्त्या देण्याची मुभा होती. पूर्ण शिष्यवृत्तीत शिकवणी शुल्क, निवास, भोजन आणि पुस्तके यांचा समावेश असतो. सॅन दिएगोसारख्या खासगी विद्यापीठाचे केवळ शिकवणी शुल्क वर्षाला 50,000 डॉलरहून अधिक आहे. चार वर्षांचा हिशेब केला, तर आपल्या शहरात एखादे चांगले दुकान उभे राहावे एवढी ती रक्कम होते.

या रकमेच्या बदल्यात विद्यार्थिनीने काय द्यायचे, हेही नियमांनी ठरलेले आहे. ती पूर्णवेळ विद्यार्थिनी असली पाहिजे. तिचे गुण ठरावीक पातळीच्या खाली गेले, तर तिला खेळू दिले जात नाही. हंगामात सराव आठवड्याला 20 तासांपेक्षा अधिक घेता येत नाही आणि आठवड्यातून एक दिवस पूर्ण सुटी द्यावी लागते. प्रत्यक्षात प्रवास, दुखापतींवरील उपचार आणि सामन्यांच्या चित्रफितींचा अभ्यास धरला, तर दिवस कसा उगवतो आणि मावळतो ते कळत नाही. हंगाम नोव्हेंबरात सुरू होऊन मार्चपर्यंत चालतो. परगावच्या सामन्याहून मध्यरात्री परतलेल्या मुलीला सकाळी आठ वाजता वर्गात बसायचे असते. म्हणून बहुतेक संघांबरोबर अभ्यासाचे मार्गदर्शकही नेमलेले असतात.

आपल्याकडे खेळ आणि शिक्षण हे एकमेकांचे वैरी मानले जातात. एकाला दिलेला तास दुसऱ्याचा चोरलेला समजला जातो. अमेरिकी विद्यापीठात मात्र खेळ टिकवण्यासाठी अभ्यास करावा लागतो, आणि खेळ टिकला म्हणूनच शिक्षणाचा खर्च भागतो. ही पद्धत निर्दोष नाही. पण भारतीय मुलीच्या दृष्टीने तिचा एक मोठा गुण आहे : मुलगी खेळते म्हणून तिची पदवी बुडाली, असे म्हणण्याची वेळ घरावर येत नाही.

नववीपासूनची तयारी

ही वाट बारावीनंतर शोधायला निघालेल्यांना फार उशीर झालेला असतो. पात्रता ठरवताना एनसीएए नववी ते बारावी या चार वर्षांतील 16 मूळ विषयांचे गुण तपासते. भाषा, गणित, विज्ञान आणि सामाजिक शास्त्रे हे ते विषय. डिव्हिजन वनसाठी त्यांत किमान 2.3 इतकी गुणसरासरी लागते. म्हणजे नववीची गुणपत्रिका, जी आपल्याकडे कोणी जपूनही ठेवत नाही, ती तेथे मागितली जाते. शाळा संपल्यानंतर एक वर्षाहून अधिक काळ वाया घालवून कोणी संघटित स्पर्धा खेळत राहिले, तर महाविद्यालयीन खेळाची वर्षे कमी होऊ शकतात. म्हणून ‘एक वर्ष थांबू, मग बघू’ हा घरोघरचा सल्ला येथे महाग पडतो.

खेळाच्या बाजूनेही तयारी लागते. विद्यापीठाचे प्रशिक्षक खेळाडूच्या सामन्यांची चित्रफीत पाहतात. त्यांना उंची दिसतेच, पण त्याहून अधिक ते पाहतात ती बचावाच्या वेळची पावले, चेंडू हातात नसताना खेळाडू काय करते ते, आणि चूक झाल्यावर तिचा चेहरा कसा होतो ते. भारतीय मुलींना तेथे प्रथम जाणवतो तो वेग. भारतातील शालेय सामन्यांत उंच मुलगी कड्याखाली उभी राहून सहज गुण मिळवते. अमेरिकेत तिच्याइतक्याच उंचीच्या मुली पळतही असतात, आणि दुरून अचूक फेकतही असतात. त्यामुळे आपल्या गावात सर्वोत्तम म्हणून मिरवलेली खेळाडू पहिल्या वर्षी बहुतेक वेळ बाकावर बसून काढते. हा अपमान नाही, ती उमेदवारी आहे. पेढीवर नव्याने आलेल्या मुलालाही आधी गोदामातच उभे करतात.

ताटातला प्रश्न

जैन घरातील मुलीसाठी या वाटेवर आणखी एक प्रश्न उभा राहतो, आणि तो झाकून ठेवण्याजोगा नाही. खेळाडूने कंदमुळे वर्ज्य करावीत काय? सूर्यास्तानंतर जेवायचे नाही, तर सायंकाळच्या सामन्याचे काय? पर्युषणातील उपवास करायचे की नाही?

यांपैकी पहिल्या प्रश्नाचे उत्तर वाटते तितके अवघड नाही. बटाटा, कांदा, लसूण सोडल्याने खेळाडूचे काहीही अडत नाही. भात, गहू, बाजरी, केळी आणि खजूर यांतून ऊर्जेची गरज भागते. अंडी आणि मांस न खाता प्रथिने कशी मिळणार, ही शंका अधिक वेळा ऐकू येते. क्रीडा आहारशास्त्रानुसार कसून सराव करणाऱ्या खेळाडूला दर किलो वजनामागे रोज 1.2 ते 2 ग्रॅम प्रथिने लागतात. 60 किलो वजनाच्या मुलीसाठी ही गरज साधारण 72 ते 120 ग्रॅम होते. मोठा पेलाभर दुधातून सुमारे 8 ग्रॅम, 100 ग्रॅम पनीरमधून सुमारे 18 ग्रॅम, 100 ग्रॅम शेंगदाण्यांतून सुमारे 25 ग्रॅम प्रथिने मिळतात. डाळ, हरभरे, मूग, दही, सोयाबीन यांची दिवसभरात नीट विभागणी केली, तर ही गरज शाकाहारातून पूर्ण होते. मात्र ती आपोआप होत नाही, वाटीचा हिशेब ठेवावा लागतो. जीवनसत्त्व ब-12 आणि लोह यांची रक्ततपासणी वेळोवेळी करून घेणे अत्यावश्यक आहे. 2019 ते 2021 या काळातील राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार देशातील 15 ते 19 वयोगटातील सुमारे 59 टक्के मुलींमध्ये रक्तक्षय आढळला. खेळत नसलेल्या मुलीचा थकवा घरात कोणाच्या लक्षात येत नाही, खेळणाऱ्या मुलीचा मैदानावर लगेच दिसतो.

चौविहाराचा प्रश्न अधिक कठीण आहे. बास्केटबॉलचा हंगाम ऐन हिवाळ्यात असतो. अमेरिकेतील अनेक शहरांत त्या दिवसांत पाचच्या सुमारास सूर्य मावळतो, आणि सामने बहुधा सायंकाळी सात वाजता सुरू होतात. सामन्यानंतर थकलेल्या स्नायूंना अन्न आणि पाणी हवे असते, आणि तेव्हा रात्र झालेली असते. पर्युषण किंवा दशलक्षण पर्व मात्र ऑगस्ट-सप्टेंबरात येते. तेव्हा सामने नसतात, पण नव्या सत्राचा शारीरिक तयारीचा सराव जोरात असतो. अशा सरावात निर्जळी उपवास करणे धोक्याचे ठरू शकते, आणि प्रशिक्षकाला न सांगता करणे तर मुळीच योग्य नाही.

येथे कोणतेही एक उत्तर सर्वांना लागू होणार नाही. नियम किती पाळायचा, कोणत्या दिवसांत सवलत घ्यायची, तिची भरपाई सुटीच्या महिन्यांत कोणत्या तपाने करायची, हे मुलीने आईवडिलांशी आणि आपल्या गुरूंशी बोलून निघण्यापूर्वीच ठरवावे. अडचण नियम सैल होण्यातून फारशी येत नाही. ती येते लपवाछपवीतून. मुलगी तेथे रात्री जेवते आणि दूरध्वनीवर घरी ‘नाही’ म्हणते, तेव्हा आहाराबरोबर सत्यव्रतही मोडते, आणि मनावर एक नको असलेले ओझे राहते. याउलट जी मुलगी संघाच्या आहारतज्ज्ञाला पहिल्याच आठवड्यात आपले नियम स्पष्ट सांगते, तिला अडथळ्यापेक्षा साहाय्य मिळण्याचीच शक्यता अधिक. तेथील भोजनगृहांना निरनिराळ्या धर्मांच्या आणि निरनिराळ्या पथ्यांच्या विद्यार्थ्यांची सवय असते.

जमा आणि खर्च

आता व्यापारी घरातील आजोबांचा प्रश्न : या सर्वांतून मिळते काय?

व्यावसायिक खेळाडू होण्याच्या आशेने कोणी ही वाट धरत असेल, तर त्याने आकडे पाहावेत. डिव्हिजन वनमध्ये सुमारे पाच हजार मुली खेळतात. अमेरिकेतील महिलांच्या व्यावसायिक स्पर्धेत, म्हणजे डब्ल्यूएनबीएमध्ये, दीर्घकाळ 12 संघ होते आणि दरवर्षीच्या निवडीत एकूण 36 नावे पुकारली जात. निवडलेल्यांपैकीही सर्वांना संघात जागा मिळत नाही. भारतीय बास्केटबॉलमधील एक श्रेष्ठ खेळाडू, केरळची गीतू अ‍ॅना जोस, हिने 2011 मध्ये तेथील संघांकडे निवडचाचणी दिली होती. भारतातून जाऊन त्या स्पर्धेत खेळलेली खेळाडू मात्र अजून कोणीही नाही.

खर्चाच्या बाजूला दुखापतही लिहावी लागते. बास्केटबॉलमध्ये गुडघ्यातील अस्थिबंध तुटण्याचे प्रमाण मुलांच्या तुलनेत मुलींमध्ये दोन ते चार पट असते. अशी दुखापत झाली, तर शस्त्रक्रिया करून मैदानावर परतायला नऊ महिने ते वर्ष लागते. उडी मारून उतरताना गुडघे कसे ठेवावेत याचा शास्त्रशुद्ध सराव लहान वयापासून केला, तर हा धोका बराच कमी होतो. तरीही तो पूर्ण टळत नाही. नाव आणि लोकप्रियता यांतून पैसा मिळवण्याची मोकळीक अमेरिकी विद्यार्थी खेळाडूंना 2021 पासून मिळाली, परंतु विद्यार्थी व्हिसावर गेलेल्या परदेशी मुलींना तिचा लाभ घेताना व्हिसाच्या अटी आडव्या येतात. म्हणून त्या उत्पन्नावर हिशेब बांधू नये.

जमेच्या बाजूला मग उरते काय? एक मान्यताप्राप्त पदवी, तीही बहुतांशी कर्जाविना. हरल्यानंतर दुसऱ्या दिवशी पुन्हा सरावाला उभे राहण्याची सवय. दहा-बारा निरनिराळ्या स्वभावांच्या मुलींबरोबर चार वर्षे एकाच ध्येयासाठी राहण्याचा अनुभव. वेळेचे असे भान, की पुढे कोणत्याही व्यवसायात त्याचे दाम मिळावेत. भारतात राहून खेळणाऱ्यांसाठीही दारे बंद नाहीत. रेल्वेच्या महिला संघाने राष्ट्रीय स्पर्धांवर वर्षानुवर्षे वर्चस्व ठेवले आहे आणि तेथील खेळाडूंना नोकरीची शाश्वती आहे. महाराष्ट्रात शासकीय सेवेत गुणवंत खेळाडूंसाठी 5 टक्के आरक्षण आहे. 2020 मध्ये भुवनेश्वर येथे पहिली खेलो इंडिया विद्यापीठ स्पर्धा झाली, तेव्हापासून महाविद्यालयीन खेळाडूंना देशातही एक मोठे व्यासपीठ मिळाले आहे.

व्यापाऱ्याला एक गोष्ट सांगावी लागत नाही : काही भांडवलाचे व्याज रोकडीत येत नाही. पत, नाव, विश्वास या तीन गोष्टींवर कित्येक पेढ्या तीन-तीन पिढ्या चालल्या आहेत, आणि त्या कोणत्याही ताळेबंदात दिसत नाहीत. मुलीच्या अंगी येणारे धैर्य हे त्याच जातीचे भांडवल आहे. ती पुढे दुकानात बसो, कारखाना सांभाळो, नोकरी करो वा संसार करो, ते तिच्यासोबत राहते.

उरलेला निर्णय

प्रत्येक मुलगी हरसिमरन होणार नाही. सहा फूट तीन इंच उंची सर्वांना लाभत नाही, आणि कॅनबेराचे निमंत्रण प्रत्येक घरी येत नाही. बहुसंख्य मुली आंतरशालेय, जिल्हा किंवा विद्यापीठ पातळीपर्यंतच खेळतील. त्यांनी तेवढे तरी खेळावे काय, हाच घरोघरचा खरा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर अमेरिकेतून येणार नाही. ते दहावीच्या जूनमध्ये, शिकवणीचे वेळापत्रक ठरवताना, जेवणाच्या ताटावर दिले जाते.

त्या वेळी पालकांनी तीन साध्या गोष्टी कराव्यात. सराव पूर्ण बंद करण्याऐवजी दिवसाचा एक तास राखून ठेवावा. प्रशिक्षकाला भेटून मुलीची खरी पातळी विचारून घ्यावी, म्हणजे खोटी आशाही राहणार नाही आणि खोटी निराशाही. आणि वर्षातून एकदा तरी तिचा सामना स्वतः जाऊन पाहावा. कपाटातले पदक पाहणे आणि घामाने भिजलेली, पडून पुन्हा उठणारी आपली लेक पाहणे यांत फार मोठे अंतर आहे. ज्या आजोबांनी हे एकदा पाहिले, ते सहसा दुसऱ्या वेळी स्वतःच वेळ विचारतात.

जैन तत्त्वज्ञानात कर्माचे तीन प्रकार सांगितले आहेत : स्वतः करणे, दुसऱ्याकडून करविणे आणि करणाऱ्याला अनुमोदन देणे. या तिन्हींचे फळ ज्याचे त्याला लागते, असे शास्त्र सांगते. मैदानावर धावणे मुलीचे काम आहे. पहाटे पाच वाजता तिला उठवून दूध देणे हे करविणे आहे, आणि ‘मुलीला एवढे खेळवून काय करायचे’ असे म्हणणाऱ्या पाहुण्यासमोर शांतपणे तिची बाजू घेणे ही अनुमोदना आहे. पंजाबातून कॅनबेरा आणि तेथून सॅन दिएगो इतक्या लांबच्या प्रवासातही हे तिन्ही वाटे कोणी ना कोणी उचललेच असतील. आपल्या घरातील पहिला वाटा उचलायला मुली तयार आहेत. उरलेले दोन घरच्यांनी उचलावेत.